एस्फिर शूब : एक थोर चित्रसंकलक

चित्रपटातील नटनट्यांची नावे आपणा सर्वांस पाठ असतात. पण काढलेल्या फिल्ममधून हवे तेवढे निवडून, कापून, जोडणाऱ्या संकलकाची आठवण कोणी ठेवत नाही. रशियातील एस्फिर शूब यांनी हे काम उभा जन्म केले. त्यांची आपल्या भगिनींना ओळख व्हावी, म्हणून हा अल्प परिचय.

एस्फिरबाईंचा जन्म १८९४ सालचा. क्रांतीनंतर काही दिवस त्या मॉस्कोत सरकारच्या नाट्यखात्यात होत्या. १९२२ साली त्या सरकारी चित्रपटसंस्थेत लागल्या. परदेशी मूकपटांतील नको तो भाग कापायचा, उरलेला जुळवायचा आणि मधल्या पाट्या नव्याने लिहायच्या, हे त्यांचे काम. त्यात त्यांचा हात असा बसला की, पुढे जगप्रसिद्ध झालेले दिग्दर्शक आयझेनस्टाइन यांनीही १९२४ साली त्यांच्याबरोबर एका जर्मन चित्रपटाची जुळणी केली.

क्रांतीला दहा वर्षे होत आली, तेव्हा एस्फिरबाईंनी मोठेच काम अंगावर घेतले. झारच्या काळी काढलेल्या फिल्ममधूनच त्या काळचा इतिहास दाखवायचा, असे त्यांनी ठरविले. १९२६ साली लेनिनग्राडला दोन महिने राहून त्यांनी ६०,००० मीटर फिल्म डोळ्यांखालून घातली. ती ओलसर तळघरांतून पडलेली होती. त्यातून ५,२०० मीटर निवडून त्यांनी मॉस्कोला नेली.

१९२७ साली ‘रोमानोव्ह घराण्याचा अंत’ हा अनुबोधपट पुरा झाला. जहाजावर घाम येईतो नाचणारी बडी मंडळी दिसतात आणि लगेच राबणारे शेतकरी दिसतात. झारच्या कौतुकाने काढलेली चित्रे, पण शेजार बदलला आणि अर्थ फिरला. हा चित्रपट नव्या सरकारची बाजू मांडणारा होता, हे विसरून चालणार नाही. जोडणाऱ्याच्या हाती केवढे बळ असते, हेही त्यावरूनच कळते.

एवढे करूनही संस्थेने त्यांना चित्रपटाच्या कर्त्या मानले नाही व कर्त्याचे मानधनही दिले नाही. चित्रे दुसऱ्यांनी टिपलेली, मग बाईंचे त्यात काय, असा हिशेब! कवी मायाकोव्हस्की यांनी त्यांची बाजू उघडपणे घेतली.

एस्फिरबाई मात्र खचल्या नाहीत. १९२८ साली टॉलस्टॉय यांची जन्मशताब्दी आली. त्यांची चित्रे थोडीच हाती लागली, तेव्हा त्यांच्या काळचा रशियाच भोवती उभा करून बाईंनी चित्रपट सजविला. पुढे बोलपट आले, तेही त्यांनी आपलेसे केले. १९३९ साली त्यांनी स्पेनच्या यादवी युद्धावर चित्रपट केला. १९५९ साली मॉस्को येथे त्यांचे निधन झाले.

जुन्या चित्रणातून इतिहास सांगणारे अनुबोधपट आज आपण घरबसल्या पाहतो. ती वाट पाडणाऱ्यांत एस्फिरबाईंचे स्थान अग्रभागी आहे. निवडणे हेही कष्टाचे आणि अकलेचे काम आहे, हे सूप घेऊन बसणाऱ्या बाईला निराळे सांगावे लागत नाही.