हॅली फ्लॅनॅगन आणि राजाश्रयाची कसोटी

अमेरिकी रंगभूमी म्हटली की न्यूयॉर्कमधील ब्रॉडवे, तेथील भपकेबाज संगीतिका आणि त्यांवर भांडवल लावणारे धनिक डोळ्यांपुढे उभे राहतात. बाजारपेठेच्या नियमांवर चालणारी रंगभूमी अशीच तिची ख्याती आहे. परंतु १९३५ ते १९३९ या चार वर्षांत त्या देशातील सर्वांत मोठी नाटक कंपनी खुद्द केंद्र सरकारची होती, याची आठवण क्वचितच कोणाला असते. ‘फेडरल थिएटर प्रोजेक्ट’ हे त्या उपक्रमाचे नाव, आणि त्याची सूत्रे ज्यांच्या हाती होती त्या हॅली फ्लॅनॅगन या महिला महाविद्यालयातील एक प्राध्यापिका होत्या. सरकारने कलेला आश्रय द्यावा काय, आणि दिल्यास त्याची किंमत कोणी मोजावी, हा वाद जेव्हा जेव्हा उपस्थित होतो, तेव्हा तेव्हा या बाईंचे चरित्र मुळातून अभ्यासण्यासारखे आहे.

दक्षिण डाकोटा राज्यातील रेडफील्ड हे त्यांचे जन्मगाव. मात्र त्या वाढल्या आयोवातील ग्रिनेल या लहानशा गावी. तेथीलच कॉलेजातून १९११ साली त्या पदवीधर झाल्या आणि पुढल्याच वर्षी विवाहबद्ध झाल्या. संसारसुख मात्र अल्पकाळचे ठरले. १९१९ मध्ये पती क्षयाने गेले आणि १९२२ मध्ये थोरला मुलगाही मेंदूज्वराने दगावला. धाकट्या मुलाला घेऊन या विधवेने चरितार्थासाठी अध्यापनाची वाट धरली आणि दुःखावर उतारा म्हणून नाटकाची. हार्वर्डमध्ये जॉर्ज पिअर्स बेकर यांच्या नाट्यलेखनाच्या प्रसिद्ध वर्गात त्यांनी धडे घेतले. युजीन ओनीलही काही वर्षांपूर्वी त्याच वर्गात बसून गेले होते. १९२५ मध्ये त्या व्हॅसर कॉलेजात आल्या. पुढील वर्षी गुगेनहाइम शिष्यवृत्ती मिळाल्यावर त्यांनी युरोप व रशियाचा दौरा केला, स्तानिस्लावस्की आणि मेयेरहोल्ड यांची रंगभूमी जवळून पाहिली. रशियातील हे वास्तव्य पुढे त्यांच्याविरुद्ध पुरावा म्हणून मांडले जाणार होते.

व्हॅसरच्या प्रायोगिक रंगमंचावर त्यांनी चेकॉव्हची एकच एकांकिका एका संध्याकाळी तीन निरनिराळ्या शैलींत करून दाखविली. १९३१ मध्ये अर्कान्सासमधील दुष्काळग्रस्त शेतकऱ्यांवरील नाटक त्यांनी सादर केले. रंगतंत्राची हौस आणि भोवतालच्या जगाविषयीची तळमळ या दोन्ही प्रवृत्ती त्यांच्या ठायी एकत्र नांदत होत्या, त्या अशा.

१९२९ च्या मंदीपूर्वीच बोलपटांनी नाटकधंद्यावर घाला घातला होता. चित्रपटगृहांतील वादक आणि गावोगाव फिरणाऱ्या कंपन्यांतील नट बेकार झाले होते. मंदीने उरल्यासुरल्यांनाही रस्त्यावर आणले. १९३५ मध्ये रूझवेल्ट सरकारने बेकारांना काम देणारी विराट योजना आखली. तिची धुरा हॅरी हॉपकिन्स यांच्याकडे होती आणि हे गृहस्थही ग्रिनेल कॉलेजचेच विद्यार्थी. शिक्षकाच्या किंवा गवंड्याच्या कौशल्याप्रमाणेच नटाचे कौशल्यही वापराविना गंजते, तेव्हा नटाला कुदळ न देता नाटकच द्यावे, हा त्यांचा विचार अर्थशास्त्राच्या दृष्टीने अगदी रास्त होता. या कामासाठी त्यांनी ब्रॉडवेचा नामांकित निर्माता न निवडता फ्लॅनॅगनबाईंना पाचारण केले.

अटी कठोर होत्या. दहांतील सुमारे नऊ माणसे सरकारी मदतीच्या यादीतूनच घ्यावयाची, आणि बहुतेक सर्व पैसा वेतनावरच खर्च व्हावयाचा. नेपथ्य, वेशभूषा, नाट्यगृहाचे भाडे हे सारे उरलेल्या अल्पशा रकमेतून भागवावयाचे. वेतन न्यूयॉर्कमध्ये आठवड्याला २३ डॉलरच्या आसपास. यादीतील कित्येक नट म्हातारे, कित्येक सर्कशीतले, तर काही केवळ नावाचे नट होते. या मंडळींना कसेबसे गुंतवून ठेवले असते तरी कागदोपत्री योजना सफल ठरली असती. परंतु फ्लॅनॅगनबाईंनी तिला रंगभूमीच मानले. ऐन भरात सुमारे साडेबारा हजार माणसे या प्रकल्पात काम करीत होती. प्रयोग शाळांत, रुग्णालयांत, उद्यानांत होत. निम्म्याहून अधिक ठिकाणी प्रवेश विनामूल्य असे. यिडिश व स्पॅनिश भाषांतील विभाग होते, कृष्णवर्णीयांची स्वतंत्र पथके होती. हार्लेममधील पथकाने १९३६ मध्ये अवघ्या विशीतील ऑर्सन वेल्स यांच्या दिग्दर्शनाखाली शेक्सपिअरचे ‘मॅकबेथ’ कॅरिबियन बेटाच्या पार्श्वभूमीवर उभे केले आणि ते गाजले. त्याच वर्षी ऑक्टोबरात सिंक्लेअर लुईस यांच्या हुकूमशाहीविरोधी कादंबरीचे नाट्यरूप एकाच संध्याकाळी देशभरातील वीसेक रंगमंचांवर सादर झाले.

या प्रकल्पाची खास निर्मिती म्हणजे ‘लिव्हिंग न्यूजपेपर’, म्हणजे जिवंत वर्तमानपत्र. शेतीमालाचे भाव, विजेची मालकी, शहरांतील गलिच्छ वस्त्या असे रूक्ष विषय आकडेवारी आणि कागदपत्रांच्या आधारे रंगमंचावर आणले जात. १९३८ चे ‘वन थर्ड ऑफ अ नेशन’ हे गृहसमस्येवरील नाटक पाहावयास न्यूयॉर्ककरांनी गर्दी केली. घरभाडे आणि जमिनीची किंमत यांचा संबंध लोकांना तिकीट काढून पाहावासा वाटावा, हे अर्थशास्त्र शिकविणाऱ्या कोणालाही हेवा वाटावा असे यश होय.

परंतु कसोटीही येथेच सुरू झाली. पहिल्याच ‘जिवंत वर्तमानपत्रा’चा विषय इथिओपियावरील मुसोलिनीची स्वारी हा होता. परराष्ट्रांच्या प्रमुखांना रंगमंचावर आणू नये असे सरकारने १९३६ च्या जानेवारीत बजावले. नाटक बंद पडले आणि न्यूयॉर्क विभागाचे प्रमुख एल्मर राइस यांनी राजीनामा दिला. पुढच्या वर्षी मार्क ब्लिट्झस्टाइन यांची ‘द क्रेडल विल रॉक’ ही पोलाद कामगारांच्या संघटनेवरील संगीतिका तयार झाली. तोच खर्चकपातीचे कारण देऊन १ जुलैपूर्वी कोणताही नवा प्रयोग करू नये असा वॉशिंग्टनहून आदेश आला. १६ जून १९३७ च्या संध्याकाळी नाट्यगृहाला टाळे आणि दारात पहारेकरी होते. वेल्स आणि त्यांचे सहकारी जॉन हाउसमन यांनी दुसरे नाट्यगृह भाड्याने घेतले, प्रेक्षक त्यांच्यामागोमाग रस्त्याने चालत गेले. संघटनेच्या नियमामुळे नटांना रंगमंचावर पाय ठेवता येत नव्हता. म्हणून ते प्रेक्षकांतच बसले आणि आपापली पाळी येताच जागेवरूनच उठून गाऊ लागले. रंगमंचावर एकटे ब्लिट्झस्टाइन पियानो वाजवीत होते. फ्लॅनॅगनबाई या आदेशापुढे हतबल ठरल्या. वेल्स आणि हाउसमन प्रकल्पाबाहेर पडले.

१९३८ मध्ये मार्टिन डाइस यांच्या अध्यक्षतेखालील संसदीय समितीने हा प्रकल्प म्हणजे साम्यवादाचा अड्डा असल्याचा गवगवा केला. डिसेंबरात फ्लॅनॅगनबाईंची साक्ष झाली. त्यांच्या जुन्या लेखाच्या संदर्भात सोळाव्या शतकातील नाटककार मार्लो हा कम्युनिस्ट होता काय, अशी पृच्छा एका सभासदाने केली. बाईंनी शांतपणे त्या नाटककाराचा काळ सांगितला. शेवटी निवेदन करण्याची त्यांची विनंती मात्र मान्य झाली नाही. ३० जून १९३९ रोजी संसदेने निधी तोडला आणि प्रकल्प संपला. बेकारांच्या मदतीचे समग्र विधेयकच पणाला लागल्याने रूझवेल्ट यांनाही त्यावर सही करणे भाग पडले. न्यूयॉर्कमध्ये ‘पिनोकिओ’ या बालनाट्याच्या अखेरच्या प्रयोगात शेवट बदलण्यात आला. लाकडी बाहुल्याचा हाडामांसाचा मुलगा झाला नाही. तो मेला, आणि प्रेक्षकांदेखत नेपथ्य मोडण्यात आले.

आता हिशेब पाहू. चार वर्षांचा एकूण खर्च सुमारे ४ कोटी ६० लाख डॉलर, म्हणजे त्या रोजगार योजनेच्या एकूण तरतुदीच्या एक टक्क्याहूनही कमी. तेव्हा काटकसर हे प्रकल्प बंद करण्याचे खरे कारण असूच शकत नाही. रस्ते बांधणारे मजूर बोलत नव्हते, नट बोलत होते, हाच काय तो फरक.

तथापि विरोधकांचा एक आक्षेप निव्वळ आकसाचा म्हणून झटकून टाकता येत नाही. विजेच्या प्रश्नावरील ‘पॉवर’ हे नाटक सरकारी वीजनिर्मितीचा पुरस्कार करणारे होते. करदात्यांच्या पैशाने सत्तारूढ पक्षाच्या धोरणाचा प्रचार व्हावा काय, हा प्रश्न कोणत्याही लोकशाहीत वैध आहे. पण त्यावर रंगभूमी बंद करणे हा उपाय नव्हे. खरी उणीव रचनेत होती. हा प्रकल्प ना स्वतंत्र कायद्याने स्थापिलेला होता, ना त्याला स्वायत्त मंडळ होते. नट हे सरकारचे पगारी नोकर आणि त्यांचे भवितव्य दरवर्षीच्या मदतनिधीवर अवलंबून. त्यामुळे नाटक न आवडणाऱ्याला नाटकाशी वाद घालण्याची गरजच उरली नाही. विधेयकात एक कलम घातले की काम भागले. सरकारी हस्तक्षेप आणि सरकारचा प्रचार या दोन्ही दोषांचे मूळ एकच होते, पैसा देणारा आणि नाटक करणारा यांच्यामध्ये कोणतेही अंतर नव्हते.

नाटकाला आश्रय हवाच, हे पुढे अर्थशास्त्रानेही दाखवून दिले. १९६६ मध्ये बॉमॉल आणि बोवेन यांनी मांडले की, कारखान्यात यंत्रांमुळे दरडोई उत्पादन वाढते, पण नाटकाच्या प्रयोगाला लागणारी माणसे आणि वेळ शतकानुशतके तितकाच राहतो. परिणामी इतरत्र वेतने वाढली की रंगभूमीचा खर्च उत्पन्नापेक्षा अधिक वेगाने वाढत जातो. १९६५ मध्ये अमेरिकेने ‘नॅशनल एन्डाउमेंट फॉर द आर्ट्स’ ही संस्था कायद्याने स्थापिली, तेव्हा कलावंतांना थेट नोकरीत न घेता अनुदान देण्याची पद्धत अवलंबिली. अनुदानावरूनही पुढे वादळे उठली. परंतु त्यात संस्था उन्मळून पडली नाही.

फ्लॅनॅगनबाईंनी १९४० मध्ये ‘अरीना’ या ग्रंथात आपल्या प्रकल्पाचा सविस्तर वृत्तान्त लिहिला, पुढे स्मिथ कॉलेजात अधिष्ठाता म्हणून काम केले आणि कंपवाताने जर्जर होऊन १९६९ मध्ये त्या निवर्तल्या. प्रकल्पाची संहिता, आराखडे आणि छायाचित्रे बाल्टिमोरजवळच्या एका विमानांच्या गोदामात धूळ खात पडली होती. ती १९७४ मध्ये संशोधकांच्या हाती लागली. त्यांतून दिसते ते एवढेच की, बेकारांना काम देण्याच्या निमित्ताने या बाईंनी एक राष्ट्रीय रंगभूमी उभी केली होती. तिला कायद्याचे छत्र देण्याचे काम त्यांचे नव्हते, सरकारचे होते. आणि ते राहून गेले. कलेसाठी तिजोरी उघडणाऱ्या प्रत्येक शासनाने रकमेचा आकडा ठरविण्याआधी या प्रश्नाचे उत्तर द्यावयास हवे.