सावेदादा : मुंबईची हलती चित्रे टिपणारा पहिला मराठी माणूस

७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलमध्ये फ्रान्सच्या ल्युमिए बंधूंनी तयार केलेल्या हलत्या चित्रांचा पहिला खेळ झाला. तिकीट एक रुपया होते आणि त्या काळी ती रक्कम लहान नव्हती. आगगाडी स्थानकात शिरत होती, कारखान्यातून कामगार बाहेर पडत होते, आणि प्रेक्षक थक्क होऊन पाहत होते. मात्र पडद्यावरील माणसे सगळी परकी होती. आपली माणसे त्या पडद्यावर आणण्याचे श्रेय ज्यांना जाते ते हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजेच सावेदादा, यांची ओळख वाचकांना करून द्यावी असे पुष्कळ दिवस मनात होते.

सावेदादांचा जन्म १८६८ साली मुंबईत झाला. ते व्यवसायाने छायाचित्रकार होते. हलत्या चित्रांनी भारावून जाऊन त्यांनी इंग्लंडहून एकवीस गिनी खर्चून कॅमेरा मागविला. १८९९ साली मुंबईच्या हँगिंग गार्डन परिसरात पुंडलिक आणि कृष्णा न्हावी या दोन पैलवानांची कुस्ती लावण्यात आली आणि सावेदादांनी ती चित्रित केली. पौराणिक कथा नाही, नाटकातील प्रवेश नाही. विषय निवडला तो आपल्या मातीतील कुस्तीचा! त्यांची पारख येथेच दिसते, असे आम्हांस वाटते.

काम सोपे नव्हते. फिल्म धुण्याची सोय येथे नसल्याने चित्रित केलेले रीळ बोटीने इंग्लंडला पाठवावे लागे. आपण टिपलेले चित्र नीट उतरले की वाया गेले, हे कळण्यासाठी आठवडेच्या आठवडे वाट पाहायची. दरम्यान सावेदादांनी प्रक्षेपक विकत घेतला आणि उघड्या मैदानात परदेशी चित्रांचे खेळ सुरू केले. कुस्तीचे रीळ परत आल्यावर तेही त्या खेळांत दाखविले जाऊ लागले. पुढे त्यांनी माकडांचा खेळ करणारा माणूस आणि त्याची माकडे यांचेही चित्रण केले.

त्यांचे सर्वांत महत्त्वाचे काम १९०१ सालच्या डिसेंबरातील. कोकणातील मुर्डी गावचे रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे १८९९ साली केंब्रिजमध्ये गणितात सीनियर रँग्लर झाले होते. हा मान मिळविणारे ते पहिले भारतीय. ते मायदेशी परतले तेव्हा मुंबईत त्यांचे मोठे स्वागत झाले, आणि त्या गर्दीत सावेदादा आपला कॅमेरा घेऊन उभे होते. हे चित्रण भारतातील पहिले वृत्तचित्र मानले जाते. चित्रपटगृहात मुख्य चित्रपटाआधी दाखविली जाणारी वृत्तचित्रे आपल्यापैकी वडीलधाऱ्यांना आठवत असतील. त्या परंपरेचा उगम येथे आहे. १९०३ साली त्यांनी दिल्ली दरबारही टिपला.

त्याच काळात कलकत्त्यात हिरालाल सेन असेच काम करीत होते. दोघांत पहिला कोण, या वादात आम्ही शिरत नाही. सेन यांची चित्रे १९१७ सालच्या आगीत जळाली.

काही वर्षांनी सावेदादांनी चित्रीकरण सोडले आणि ते मुंबईच्या गेइटी थिएटरच्या व्यवस्थापनाकडे वळले. त्यांना दोष देता येणार नाही. एक-दोन मिनिटांच्या चित्रासाठी फिल्म मागवा, ती परत विलायतेला धाडा, आणि तेच चित्र पाहायला माणूस किती वेळा येणार? १९१३ साली दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ आला आणि लोकांचे मन कथाचित्रांनी जिंकले. पहिल्या भारतीय चित्रपटाचा विषय निघाला की फाळके यांचे नाव ओठांवर येते व ते योग्यच आहे. पण सत्य घटनेवर कॅमेरा रोखणारा हा दुसरा हरिश्चंद्र त्यापूर्वी चौदा वर्षे कामाला लागला होता, हे किती जणांना ठाऊक आहे?

सावेदादांना दीर्घायुष्य लाभले. १९३१ सालचा पहिला बोलपट ‘आलम आरा’ त्यांच्या हयातीत आला, आणि १९४८ साली माहितीपट व वृत्तचित्रे काढण्यासाठी सरकारने मुंबईत फिल्म्स डिव्हिजन स्थापन केले तेव्हाही ते हयात होते. १९५८ साली त्यांचे निधन झाले.

त्यांनी टिपलेले एकही रीळ आज उपलब्ध नाही. त्या काळची नायट्रेटची फिल्म चटकन पेट घेई, आणि पेटली नाही तरी काही दशकांत कुजून तिची भुकटी होई. अशी रिळे जपून ठेवणारे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय पुण्यात सुरू झाले ते १९६४ साली, सावेदादांच्या निधनानंतर सहा वर्षांनी.