आइन्स्टाइनच्या सत्तरीची अवघड भेट

सत्तरीच्या माणसाला वाढदिवसाला काय द्यायचं? शाल, पुस्तक, फार तर घड्याळ. १९४९ मध्ये अल्बर्ट आइन्स्टाइन सत्तर वर्षांचा झाला, तेव्हा त्याच्या सन्मानार्थ निघालेल्या ग्रंथासाठी एका मित्राने लेख दिला आणि त्यात चक्क एक विश्व मांडलं. त्या विश्वात माणूस यानात बसून सतत पुढे पुढे जात राहिला, तर फिरून स्वतःच्याच भूतकाळात येऊ शकतो. यात नियम कुठेही मोडलेला नव्हता. समीकरणं आइन्स्टाइनचीच होती!

हा मित्र म्हणजे कुर्ट गोडेल. टाइम मशीनचे सिनेमे बघत मोठे झालेल्या आपल्यातल्या बहुतेकांना हे नावही माहीत नसतं.

गोडेलचा जन्म १९०६ चा, ब्रनोचा. हे शहर आज चेक प्रजासत्ताकात आहे, तेव्हा ऑस्ट्रिया-हंगेरीत होतं. लहानपणी प्रत्येक गोष्टीला ‘का?’ विचारायचा, म्हणून घरात त्याला ‘का-साहेब’ असंच काहीसं टोपणनाव पडलं. लहान असतानाच त्याला संधिवाताचा ताप आला. पुढे या तापाबद्दल त्याने वाचलं आणि आपलं हृदय कायमचं बिघडलंय हे मनाशी पक्कं केलं. ही धास्ती आयुष्यभर सुटली नाही.

१९२४ मध्ये तो व्हिएन्ना विद्यापीठात आला. फिजिक्स शिकायला म्हणून आला आणि गणितात रमला. तेव्हा हिल्बर्टसारख्या मोठ्या गणितज्ञांना खात्री होती, की नियम नीट मांडले तर गणितातलं प्रत्येक सत्य सिद्ध करता येईल. १९३० मध्ये क्योनिग्सबर्गच्या परिषदेत शेवटच्या चर्चेत चोवीस वर्षांच्या गोडेलने जाता जाता सांगून टाकलं, की असं होणार नाही. हे काय भयंकर प्रकरण आहे ते त्या खोलीत जवळजवळ एकट्या फॉन नॉयमनच्याच डोक्यात शिरलं.

प्रकरण असं. ‘मी आत्ता खोटं बोलतोय’ हे वाक्य घ्या. खरं मानलं तर खोटं ठरतं, खोटं मानलं तर खरं. शब्दांचा खेळ म्हणून आपण हसून सोडून देतो. गोडेलने त्यातला ‘खोटं’ काढला आणि ‘सिद्ध न होणारं’ घातला. मग गणितातल्या प्रत्येक चिन्हाला, प्रत्येक विधानाला आकडा दिला. झालं! आता आकड्यांबद्दलचं विधान स्वतःबद्दलही बोलू लागलं, आणि म्हणू लागलं, की या नियमांनी माझी सिद्धता देता येत नाही. नियमांनी ते सिद्ध केलं तर नियमांनी खोटं सिद्ध केल्यासारखं होतं. नाही केलं तर एक सत्य हाताबाहेर राहतं. वर आणखी एक फटका: आपल्यात विसंगती नाही हे गणिताला स्वतःच्या नियमांत राहून सिद्ध करता येत नाही. अॅडमिशनच्या वेळी आपण स्वतःच्याच झेरॉक्सवर ‘सेल्फ-अटेस्टेड’ लिहून सही ठोकतो. गणिताला ती सोय नाही.

१९३६ मध्ये त्याचे गुरू मोरित्झ श्लिक यांचा विद्यापीठाच्या पायऱ्यांवर एका माजी विद्यार्थ्याने गोळ्या घालून खून केला. गोडेल कोसळला. कुणीतरी आपल्याला अन्नातून विष घालेल ही भीती त्याच्या मनात घर करून बसली. अशा वेळी अॅडेल त्याच्या पानातलं आधी स्वतः चाखायची, मग तो खायचा. अॅडेल त्याच्याहून सहा वर्षांनी मोठी, घटस्फोटित, क्लबमध्ये नाचणारी. घरच्यांचा विरोध होताच. तरी १९३८ मध्ये दोघांनी लग्न केलं. तोवर ऑस्ट्रिया हिटलरच्या घशात गेला होता. रस्त्यात नाझी पोरांनी गोडेलला ज्यू समजून धरलं, तेव्हा अॅडेलने छत्रीने त्यांना पिटाळलं. १९४० च्या जानेवारीत दोघं निघाले. युद्धामुळे अटलांटिक धोक्याचा, म्हणून सैबेरियातून रेल्वेने, पुढे जपान, मग बोटीने सॅन फ्रान्सिस्को आणि शेवटी प्रिन्स्टन.

प्रिन्स्टनमध्ये आइन्स्टाइनशी त्याची घट्ट मैत्री जमली. दोघं रोज एकत्र चालत घरी जायचे. १९४७ मध्ये अमेरिकन नागरिकत्वाच्या मुलाखतीसाठी गोडेलने राज्यघटना इतकी कसून वाचली, की कायदेशीर मार्गाने हुकूमशाही आणता येईल अशी फट त्याला सापडली. हे तिथे बोलू नकोस म्हणून आइन्स्टाइन आणि दुसरा मित्र मॉर्गेनस्टर्न त्याला समजावत होते. पण न्यायाधीशांनीच हुकूमशाहीचा विषय काढला आणि हा सुरू झाला! न्यायाधीश समजूतदार निघाले, त्यांनी विषय बदलला.

आता ते विश्व. त्यातलं सगळं द्रव्य फिरत असतं, आणि त्या फिरण्याने काळाची दिशा जागोजाग कलत जाते. प्रकाशाच्या किमान ७१ टक्के वेगाने पुरेसा मोठा फेरा मारला, तर तुम्ही निघण्याआधीच पोहोचता. मग तिथे तरुणपणच्या स्वतःला गाठून, आपल्याबाबत कधी घडलंच नाही असं काही केलं तर? पुन्हा तेच स्वतःला खोटं पाडणारं वाक्य. यावर गोडेलचं म्हणणं, की इंधन इतकं लागेल की व्यवहारात हे जमायचं नाही. खरं सांगायचं तर ही मला पळवाट वाटते. पण त्याला प्रवास करायचाच नव्हता. जिथे परत जाता येतं तो भूतकाळ ‘गेला’ असं कसं म्हणायचं? म्हणजे त्या विश्वात काळ वाहत नाही. आणि नियम तर आपल्याकडेही तेच आहेत, फरक फक्त द्रव्याच्या मांडणीचा. काळ वाहतो की नाही हे तेवढ्यावर ठरावं, हे त्याला पटेना.

आइन्स्टाइनने लेखाचं कौतुक केलं. हा प्रश्न आपल्यालाही आधीपासून छळत होता हे मान्य केलं. मात्र अशी विश्वं भौतिक कारणांवरून बाद करावी लागतील का, ही शंकाही नोंदवली. आपलं विश्व प्रसरण पावतं, गोडेलचं हे विश्व नाही. म्हणजे ते कागदावरच राहिलं. तरी आकाशगंगा एकाच दिशेने फिरताना दिसतात का, याचा पुरावा तो पुढे कितीतरी वर्षं शोधत होता.

१९५५ मध्ये आइन्स्टाइन गेला. गोडेल आणखी एकटा पडला. ज्याने नियमांना स्वतःची खात्री देता येत नाही हे दाखवलं त्याचा स्वतःच्या ताटावर विश्वास उरला नाही, असं काहीतरी लिहायचा मोह होतो. आवरलेला बरा. तो आजारी होता, इतकंच.

१९७७ मध्ये अॅडेल स्वतः कित्येक महिने हॉस्पिटलमध्ये होती. चाखून देणारं घरात कुणी नव्हतं. त्याने खाणं जवळपास सोडलं. वर्षअखेरीस ती घरी आली आणि तिने त्याला हॉस्पिटलमध्ये जायला कसंबसं राजी केलं. १४ जानेवारी १९७८ ला तो गेला, खुर्चीत बसल्या बसल्या. वजन जेमतेम तीस किलो होतं.