विश्लेषण : ‘बीटल्स’ना जगापुढे आणणारे ब्रायन एपस्टाईन कोण होते?

‘बीटल्स’ या ब्रिटिश रॉक बँडचे चार चेहरे जगाला ठाऊक आहेत. त्यांना जगापर्यंत नेणारे व्यवस्थापक ब्रायन एपस्टाईन मात्र वयाच्या अवघ्या ३२ व्या वर्षी गेले. त्यानंतर तीन वर्षांतच बँड फुटला.

सुरुवात कशी झाली?
एपस्टाईन यांचा जन्म १९३४ मध्ये लिव्हरपूलच्या एका ज्यू व्यापारी कुटुंबात झाला. लंडनमधील नाट्यशिक्षण अर्धवट सोडून ते परतले आणि घरच्या दुकानातील रेकॉर्ड विक्रीत जम बसवला. ९ नोव्हेंबर १९६१ रोजी जवळच्याच ‘कॅव्हर्न क्लब’मध्ये त्यांनी बीटल्सना ऐकले. बँड सांभाळण्याचा अनुभव नसतानाही काही आठवड्यांतच त्यांनी व्यवस्थापनाची जबाबदारी घेतली.

त्यांनी नेमके काय केले?
चामडी जाकिटे जाऊन सूट आले. मंचावर खाणे-पिणे बंद झाले, गाण्यानंतर एकत्र वाकून अभिवादन सुरू झाले. ‘डेक्का’ने नकार दिला तरी एपस्टाईन कंपन्यांचे उंबरठे झिजवत राहिले. अखेर १९६२ मध्ये ‘ईएमआय’च्या ‘पार्लोफोन’चे निर्माते जॉर्ज मार्टिन यांनी संधी दिली. अमेरिकेतील ‘एड सुलिव्हन शो’साठी एपस्टाईन यांनी कमी मानधन मान्य केले, पण अग्रस्थान मिळवले. फेब्रुवारी १९६४ मधील तो कार्यक्रम सुमारे ७.३ कोटी लोकांनी पाहिला.

चूक कुठे झाली?
बीटल्सच्या नावाने विकल्या जाणाऱ्या विग, बाहुल्या अशा वस्तूंच्या परवाना शुल्कातील तब्बल ९० टक्के वाटा करारामुळे दुसऱ्याच कंपनीकडे गेला. पुढे एपस्टाईन यांनी वाटा वाढवून घेतला, पण तोवर मोठी कमाई हातची गेली होती आणि प्रकरण न्यायालयात पोहोचले.

अखेर कशी झाली?
एपस्टाईन समलिंगी होते आणि तेव्हा इंग्लंडमध्ये पुरुषांमधील असे संबंध गुन्हा होता. त्यामुळे आयुष्यभर लपूनछपून जगणे आले. ऑगस्ट १९६६ नंतर बीटल्सनी दौरे थांबवले आणि त्यांचे मुख्य कामही आटले. जुलै १९६७ मध्ये कायदा शिथिल झाला. महिनाभरातच, २७ ऑगस्टला, झोपेच्या औषधाच्या अतिसेवनाने लंडनच्या घरी त्यांचा मृत्यू झाला. चौकशीअंती तो अपघाती ठरला. त्या वेळी बीटल्स वेल्समध्ये महर्षी महेश योगींच्या शिबिरात होते.

नंतर काय घडले?
नवा व्यवस्थापक कोण, यावर १९६९ मध्ये चौघांत फूट पडली. तिघांनी ॲलन क्लाइन यांना निवडले, पॉल मॅकार्टनी यांनी विरोध केला. १९७० मध्ये बँड विसर्जित झाला. करारात कच्चे ठरलेल्या एपस्टाईन यांच्यावर चौघांचाही जो विश्वास होता, तो पुढे कुणालाच मिळवता आला नाही.