लक्ष्मीचे विश्वस्त : जमनालालजी बजाज

वर्ध्याच्या माणसाला जमनालालजींची ओळख करून द्यायला नको. बजाजवाडी, मगनवाडी, गोपुरी ही नावे आपल्या रोजच्या बोलण्यातली. तरीही मंडळाच्या स्मरणिकेत मी त्यांच्यावर लिहायचे ठरवले, त्याला एक कारण आहे. पैशाचे करायचे काय, हा प्रश्न पेढीवरच्या शेठजींइतकाच घर चालवणाऱ्या बाईचाही असतो. आणि जमनालालजींपुढे तो पहिल्यांदा उभा राहिला तोच मुळी दागिन्यांवरून.

त्यांचा जन्म 4 नोव्हेंबर 1889 चा, राजस्थानात सीकरजवळच्या काशी का बास या खेड्यातला. घरची गरिबी. वर्ध्याचे धनाढ्य व्यापारी शेठ बच्छराज यांनी त्यांना लहानपणीच नातू म्हणून दत्तक घेतले. पुढे 1907 साली एका लग्नाला जाताना अंगावर दागिने घालायला मुलाने नकार दिला. आजोबा रागावले, संपत्तीवरून बोलले. सतरा वर्षांच्या त्या मुलाने सगळ्या इस्टेटीवरचा हक्क सोडल्याचे पत्र लिहिले आणि तो घराबाहेर पडला. आजोबांनी समजूत घालून त्याला परत आणले. इस्टेट मिळाली खरी, पण ती आपली नव्हे, ही भावना त्यांच्या मनातून कधी गेली नाही.

धंदा मात्र त्यांनी सोडला नाही. कापसाचा व्यापार वाढवला, 1931 साली गोला गोकर्णनाथ येथे साखर कारखाना काढला. मिळवायचे मन लावून आणि वापरायचे विश्वस्ताच्या नात्याने, अशी त्यांची रीत होती. 1920 च्या नागपूर काँग्रेसचे ते स्वागताध्यक्ष होते. त्याच सुमारास आपल्याला पाचवा मुलगा मानावे, असे त्यांनी गांधीजींना विनवले. सरकारने दिलेली रायबहादूर ही पदवी त्यांनी परत केली, काँग्रेसचा खजिना सांभाळला, 1923 च्या झेंडा सत्याग्रहात तुरुंगवास भोगला. 1921 साली विनोबा वर्ध्यास आले ते त्यांच्याच आग्रहामुळे. गावातले आपल्या घराण्याचे लक्ष्मीनारायण मंदिर 1928 साली त्यांनी हरिजनांना खुले केले. सनातन्यांचा रोष पत्करून जातभाईंविरुद्ध उभे राहणे हे देणगी देण्याहून कठीण, असे मला वाटते. 1934 साली त्यांनी आपली बाग ग्रामोद्योग संघाला दिली, तीच मगनवाडी. त्यानंतर गांधीजी शेगावला राहायला गेले आणि त्या खेड्याचे सेवाग्राम झाले.

या कथेतली दुसरी व्यक्ती जानकीदेवी. 1902 साली, अगदी बालवयात त्या या घरात आल्या. श्रीमंत मारवाडी घराची सून, म्हणजे अंगभर सोने आणि तोंडावर पडदा. त्यांनी सोने उतरवले, पडदा सोडला, विदेशी कापडाची होळी केली आणि त्या सूत कातू लागल्या. नवऱ्याने त्याग केला की त्याची कीर्ती होते. पण त्या त्यागाचा रोजचा भार घरातली बाई उचलते. पाच मुलांचा संसार, बजाजवाडीत देशभरच्या पुढाऱ्यांची सतत येजा, आणि यजमान कधी तुरुंगात तर कधी दौऱ्यावर. चरित्रांत ही बाजू ओझरती येते, म्हणून ती इथे मुद्दाम मांडते आहे.

अखेरच्या दिवसांत जमनालालजींनी गोसेवेचे काम हाती घेतले आणि गोपुरीत साध्या झोपडीत मुक्काम केला. 11 फेब्रुवारी 1942 रोजी वर्ध्यातच त्यांचा अंत झाला. वय अवघे 52. स्वातंत्र्य त्यांना पाहायला मिळाले नाही. जानकीदेवींनी मात्र शोकात घर धरून न बसता गोसेवा पुढे नेली, विनोबांच्या भूदानकार्यात विहिरींसाठी दान मागत त्या हिंडल्या. 1956 साली त्यांना पद्मविभूषण मिळाले. 1979 साली त्या निवर्तल्या.

आपल्यापैकी फारच थोड्या जणींजवळ द्यायला इस्टेट असेल. पण तिजोरी असो की पदरची गाठ, तिच्यातले किती आपले आणि किती शेजारणीचे, हा हिशेब प्रत्येकीला मांडता येतो. मंडळाची वर्गणी आपण काढतो, तेव्हा तोच हिशेब लहान आकड्यांत मांडत असतो. तो चोख राहो, एवढीच इच्छा.