कावसजी नायगमवाला आणि मृगांतील तेजोमेघ



पौष-माघ महिन्यांत कोल्हापूर प्रांतीं ऊंस गाळण्याचा हंगाम असतो. गुऱ्हाळावर रात्रीं चुलवाणाला जाळ घालीत बसलेल्या माणसानें दक्षिणेकडे तोंड करून वर पाहिलें, तर मृगनक्षत्र सहज त्याच्या दृष्टीस पडतें. चार ठळक तारे हे मृगाचे चार पाय, आणि पोटांत रुतलेला तीन ताऱ्यांचा बाण, हें आपल्या लहान मुलांसहि ठाऊक असतें. त्या बाणाच्या खालीं तीन अंधुक ठिपके दिसतात. त्यांतील मधला ठिपका नीट न्याहाळला, तर तो ताऱ्यासारखा लखलखीत न दिसतां धुरकट दिसतो. तो केवळ तारा नव्हे; तो एक तेजोमेघ आहे. हा मेघ कशाचा झालेला आहे, ह्या प्रश्नाचा निकाल लावण्याच्या कामीं पुण्यास राहणाऱ्या एका गृहस्थांचा हात लागलेला आहे. त्यांचें नांव कावसजी दादाभाई नायगमवाला. त्यांचें चरित्र येथें थोडक्यांत देत आहों.

कावसजींचा जन्म इ. स. १८५७ सालीं एका पारशी कुटुंबांत झाला. ते अकरा वर्षांचे असतां, ता. १८ ऑगस्ट १८६८ रोजीं, दक्षिण महाराष्ट्रावरून खग्रास सूर्यग्रहणाची छाया गेली. तें पाहण्याकरितां दूरदूरचे विद्वान ह्या देशीं आले होते. आपल्या शेजारच्या जमखिंडी येथें लेफ्टनंट जॉन हर्शेल यांनीं आपलीं यंत्रें मांडलीं होतीं. ज्या विल्यम हर्शेल यांनीं स्वतः केलेल्या दुर्बिणींनीं सुमारें अडीच हजार तेजोमेघ व तारकागुच्छ नोंदून ठेविले, त्यांचेच हे नातू. सूर्याच्या कडेवर दिसणाऱ्या तांबड्या ज्वाला तापलेल्या वायूच्या आहेत, असें त्या दिवशीं सिद्ध झालें. ही गोष्ट ज्या साधनानें कळली, त्याच साधनाला कावसजींनीं पुढें आपलें आयुष्य वाहिलें. त्या साधनाचें नांव वर्णपटदर्शक यंत्र.

त्याची कृति समजण्यास कठीण नाहीं. पावसाळ्यांत सूर्याचा प्रकाश पाण्याच्या थेंबांतून फुटून इंद्रधनुष्य होतें. तसाच कोणताहि प्रकाश बारीक फटींतून घेऊन तिकोनी कांचेंतून नेला, म्हणजे त्याचा वर्णपट पडतो. तापलेल्या घन पदार्थाचा पट अखंड असतो. विरळ तापलेल्या वायूचा पट मात्र तसा नसून, काळोखांत कांहीं थोड्या तेजस्वी रेषा तेवढ्या दिसतात, आणि प्रत्येक वायूच्या रेषांचीं स्थानें ठरलेलीं असतात. त्यावरून दूर असलेला पदार्थ हातीं न घेतांहि ओळखतां येतो.

मृगांतील तेजोमेघ दुर्बिणींतून प्रथम १६१० सालीं फ्रान्स देशांतील पेरेस्क यांनीं पाहिला. पुढें हॉलंडच्या हायगेन्स यांनीं १६५६ सालीं तो पाहून त्याचें चित्र काढलें, आणि फ्रेंच ज्योतिषी मेसिये यांनीं आपल्या प्रसिद्ध यादींत त्यास ४२ वा क्रमांक दिला. परंतु असे मेघ म्हणजे अति दूरच्या ताऱ्यांचे थवे कीं खरोखरीचा वायु, हें कोणासहि निश्चित सांगतां येईना. १८६४ सालीं इंग्लंडांतील विल्यम हगिन्स यांनीं कालेय नांवाच्या तारकापुंजांतील एका तेजोमेघाकडे वर्णपटदर्शक लाविला, तों अखंड पट न दिसतां तेजस्वी रेषा दिसल्या. तो मेघ वायूचा होता. मृगांतील मेघहि तसाच निघाला. उलट देवयानींतील मेघाचा पट अखंड दिसला. तो कोट्यवधि ताऱ्यांचा समुदाय असून आपल्या आकाशगंगेच्या पलीकडची दुसरी दीर्घिका आहे, हें पुढें १९२४ च्या सुमारास हबल यांनीं दाखविलें.

आतां कावसजींकडे वळूं. मुंबईच्या एल्फिन्स्टन कॉलेजांत शिकून ते १८७८ सालीं एम्. ए. झाले, व १८८२ सालीं त्याच कॉलेजांत प्रायोगिक पदार्थविज्ञान शिकवूं लागले. वर्णपट पाहण्याची एक प्रयोगशाळा असावी अशी त्यांची इच्छा होती. भावनगरचे महाराज तख्तसिंहजी यांनीं ह्या कामीं ५,००० रुपये दिले, व मुंबई सरकारनेंहि तितकीच रक्कम घातली. ह्या पैशांतून यंत्रें घेण्याकरितां कावसजी १८८४ सालीं इंग्लंडास गेले. तेथें राजज्योतिषी व सुप्रसिद्ध पंडित नॉर्मन लॉकियर यांच्या सल्ल्यानें, नुसती प्रयोगशाळा न करितां वेधशाळाच उभारावी, असें ठरलें. १८८५ सालीं पुण्याच्या सायन्स कॉलेजांत त्यांची नेमणूक झाल्यामुळें ती वेधशाळा पुण्यास बांधण्यांत आली, व १८८८ सालीं पुरी झाली. तींतील ग्रब यांच्या कारखान्याची २० इंची आरशाची दुर्बीण त्या काळीं हिंदुस्थानांत सर्वांत मोठी होती, आणि पुढेंहि पुष्कळ वर्षें राहिली.

ह्याच वेळीं विलायतेंत एक मोठा वाद चालला होता. तेजोमेघांच्या पटांत एक हिरवी रेषा सर्वांत ठळक असते. पृथ्वीवरील कोणत्याहि ज्ञात पदार्थाशीं ती जुळत नाहीं, असें हगिन्स यांचें म्हणणें होतें. लॉकियर यांचें मत निराळें होतें. आकाशांतील सर्व गोल उल्कांच्या थव्यांपासून झाले आहेत, तेजोमेघ म्हणजे एकमेकांवर आदळणाऱ्या उल्का, आणि ती हिरवी रेषा म्हणजे उल्कांतील मॅग्नेशियम धातूच्या पट्ट्याचा उरलेला अंश, असें ते प्रतिपादन करीत. मॅग्नेशियम जाळिलें असतां जो हिरवा पट्टा दिसतो, तो एका बाजूस तुटक व दुसऱ्या बाजूस हळूहळू विरत जाणारा असतो. तेव्हां तेजोमेघाची रेषाहि एका बाजूस विरलेली दिसते कीं दोन्ही बाजूंस रेखीव दिसते, हें पाहिलें म्हणजे वादाचा निवाडा होण्यासारखा होता.

कावसजींनीं पुण्याच्या दुर्बिणीला वर्णपटदर्शक जोडून मृगांतील तेजोमेघाच्या त्या रेषेचे वेध घेतले. निरनिराळ्या परिस्थितींत पाहिलें, तरी रेषा प्रत्येक वेळीं रेखीवच दिसली. तेव्हां ती मॅग्नेशियमच्या पट्ट्याचा अवशेष असणें शक्य नव्हतें.

येथें वाचकांनीं कावसजींची स्थिति ध्यानांत घ्यावी. ज्यांच्या सल्ल्यानें त्यांची वेधशाळा उभी राहिली, त्यांच्याच आवडत्या सिद्धांताविरुद्ध ही साक्ष होती. लॉकियर यांचें वजन सर्व युरोपांत होतें. कावसजी तर दूर देशींच्या एका नवीन वेधशाळेंतील अध्यापक. वेध गुंडाळून ठेवणें किंवा संदिग्ध शब्दांत लिहिणें त्यांस सहज साधलें असतें. त्यांनीं तसें केलें नाहीं. जें दिसलें तें लिहून त्यांनीं १८९१ सालीं लंडनच्या रॉयल ॲस्ट्रॉनॉमिकल सोसायटीच्या मासिकांत प्रसिद्ध केलें. त्याच सुमारास अमेरिकेंतील लिक वेधशाळेंत कीलर यांनीं त्या रेषेचें स्थान सूक्ष्मपणें मोजलें, आणि तेंहि मॅग्नेशियमशीं जुळलें नाहीं. एकानें रेषेचें रूप तपासलें, दुसऱ्यानें तिची जागा. दोघांची साक्ष एकच झाली.

मग ती रेषा कशाची? बराच काळ विद्वानांनीं ती एका अज्ञात मूलद्रव्याची मानिली. अखेर १९२७ सालीं अमेरिकेंतील बोवेन यांनीं हें कोडें सोडविलें. ती रेषा आपण श्वासाबरोबर घेतों त्या प्राणवायूचीच आहे. मात्र तेथें प्राणवायूच्या परमाणूंतून दोन इलेक्ट्रॉन निघून गेलेले असतात, व तो वायु इतका विरळ असतो कीं पृथ्वीवर तशी विरळता साधणें कठीण. म्हणून ती रेषा प्रयोगशाळेंत कोणास दिसली नव्हती. आज आपणांस हेंहि ठाऊक आहे कीं, हा मेघ आपणांपासून सुमारें १,३०० प्रकाशवर्षें दूर असून त्यांत नवे तारे जन्म घेत आहेत.

ता. २२ जानेवारी १८९८ रोजीं महाराष्ट्रावरून पुनः खग्रास ग्रहणाची छाया गेली. लॉकियर आपल्या मंडळीसह विजयदुर्गाच्या किल्ल्यावर उतरले होते, आणि कावसजींनीं आपला तळ सोलापूर जिल्ह्यांतील जेऊर येथें दिला होता. सुमारें दोन मिनिटांचा तो अंधार. परंतु त्यासाठीं त्यांनीं मोठी तयारी केली, व १९०२ सालीं आपल्या वेधांचा सविस्तर वृत्तांत छापून काढिला.

१९०० पासून कावसजी वेधशाळेचे पूर्ण वेळ संचालक झाले. परंतु त्यांच्या मागून काम चालवील असा दुसरा माणूस तेथें तयार झाला नाहीं. १९१२ सालीं ते सेवानिवृत्त होतांच वेधशाळा बंद करण्यांत आली, व तींतील दुर्बीण व इतर यंत्रें दक्षिणेंत कोडाईकनालच्या वेधशाळेकडे रवाना झालीं. चोवीस वर्षें चाललेलें काम एका माणसाबरोबर संपलें, ही खेदाची गोष्ट होय. दिवा लावणारानें दुसऱ्याच्या हातींहि वात द्यावी, नाहीं तर घर पुनः अंधारांत जातें. पुढें १९३८ सालीं कावसजी परलोकवासी झाले.

त्यांच्या नांवाचा तारा नाहीं व तेजोमेघहि नाहीं. तथापि खरी साक्ष देतांना ती आपल्या हितकर्त्याच्या बाजूची आहे कीं विरुद्ध आहे, हें त्यांनीं पाहिलें नाहीं. गांवच्या पंचापुढें, शाळेंत किंवा घरांत असा प्रसंग आपणांपैकीं प्रत्येकावर केव्हां ना केव्हां येतो. तेव्हां ह्या हिंवाळ्यांत रात्रीं अंगणांत उभे राहून मुलांस मृगाचा बाण दाखवा, त्याखालचा धुरकट ठिपका दाखवा, आणि पुण्याच्या ह्या सत्यनिष्ठ गृहस्थांची गोष्टहि सांगा.