अज्ञातवासी

गेल्या डिसेंबरात आपल्या महाविद्यालयाच्या इतिहास विभागाची सहल पुण्याला गेली. सहल म्हटल्यावर आम्हा मुलींच्या डोळ्यांपुढे आधी शनिवारवाडा, मग सारसबाग आणि मग भेळ, एवढेच होते. सरांनी सूचनाफलकावर ‘राजा दिनकर केळकर संग्रहालय’ असे नाव लिहिले, तेव्हा हा कोणी तरी संस्थानिक असावा, त्याचे सिंहासन, तलवारी, जडजवाहीर पाहायला मिळेल, अशी माझी समजूत झाली. सकाळी शिरूरहून एस.टी. निघाली, रांजणगावच्या महागणपतीला गाडीतूनच हात जोडले, वाघोलीच्या गर्दीत बराच वेळ गेला आणि एकदाच्या आम्ही बाजीराव रस्त्याच्या त्या गल्लीत उतरलो.

आत शिरल्यावर थोड्याच वेळात मी थबकले, ती एका वज्रीपुढे. वज्री म्हणजे टाच घासण्याची पितळी वस्तू. वर धरायला मूठ, खाली खरखरीत तळ. आमच्या न्हाणीच्या कोनाड्यात अशीच एक पडलेली असते आणि माझी आजी रोज तिने टाचा घासते. इथल्या वज्र्यांवर मोर होते, हत्ती होते, नाना प्रकारचे कोरीवकाम होते. पण मूळ वस्तू तीच! राजाच्या घरी आजीची वज्री कशी आली, हे कोडे मला पडले. आम्हाला माहिती सांगत फिरणाऱ्या मार्गदर्शकांनी ते थोड्या वेळाने उलगडले. राजा हा राजा नव्हता. तो दिनकर गंगाधर केळकर यांचा एकुलता एक मुलगा होता. तो लहानपणीच गेला. बापाने जन्मभर जमवलेल्या संग्रहाला त्याचे नाव दिले.

त्या क्षणापासून मी वस्तू कमी आणि त्या माणसाचा विचार जास्त करीत फिरले. परत आल्यावर ग्रंथालयात बसून जे मिळाले ते वाचले. तेच येथे लिहीत आहे.

दिनकर केळकरांचा जन्म 10 जानेवारी 1896 चा. पुण्यात त्यांच्या घराण्याचा चष्म्यांचा व्यवसाय होता आणि तेही त्यात पडले. लोकांच्या डोळ्यांना नीट दिसावे म्हणून काचा बसवून देणे, हा त्यांचा उदरनिर्वाह. मन मात्र कवितेत होते. तो काळही कवितेचाच होता. 1923 साली पुण्यात रविकिरण मंडळ निघाले आणि कवी आपल्या कविता लोकांना गाऊन दाखवू लागले. केळकरांनी कविता लिहिल्या त्या ‘अज्ञातवासी’ या टोपणनावाने. टोपणनावे तेव्हा पुष्कळांना होती, त्यात नवल नाही. पण हे नाव मला पुढे वारंवार आठवत राहिले. त्याचे कारण ओघाने येईलच.

1920 च्या सुमारास त्यांना वस्तू जमवण्याचा नाद लागला. नाद हाच शब्द बरोबर आहे, कारण त्यात व्यवहार कुठेच नव्हता. त्या सुमारास महाराष्ट्रातील घरे बदलत होती. रॉकेलचे कंदील आले, मागून वीज आली, तेव्हा समया आणि लामणदिवे देवघरापुरते उरले. पुढे ॲल्युमिनियमची आणि स्टीलची भांडी आली, आणि कल्हईचा त्रास नको म्हणून तांब्यापितळेची भांडी माळ्यावर गेली. दौत-टाक गेले, पानाचे तबक गेले, हुक्का गेला. वाडे पडले, त्यांचे कोरीव दरवाजे जळणाच्या भावाने विकले गेले. माळ्यावरचे भांडे तिथून मोडीत जाते आणि मोडीतून भट्टीत. हा प्रवास आपल्यापैकी प्रत्येकाच्या घराने पाहिलेला आहे. केळकर या वाटेवर मध्येच उभे राहिले, असे म्हटले तरी चालेल. जुन्या बाजारात, पडक्या वाड्यांत, गावोगावी ते हिंडले. महाराष्ट्रच नव्हे, तर गुजरात, राजस्थान, दक्षिण भारत येथूनही त्यांनी वस्तू आणल्या. चष्म्याच्या धंद्यातला पैसा या नादात जात राहिला.

इतिहास म्हटला की आपल्याला लढाया आणि तह पाठ करायची सवय असते. तलवारी या संग्रहातही आहेत. पण केळकरांची दृष्टी खिळली ती रोजच्या वस्तूंवर. एकट्या अडकित्त्यांचेच किती प्रकार! सुपारी कातरण्याच्या दोन पात्यांना कोणी पोपटाचा आकार दिला, कोणी घोड्याचा, कोणी त्यांचे स्त्री-पुरुषाचे जोडपे केले. दिव्यांपुढे तर मी इतका वेळ उभी राहिले, की मैत्रिणी पुढच्या दालनात निघून गेल्या. साखळीला टांगलेले, हातात धरायचे, हत्तीच्या पाठीवरचे, मोराच्या डोक्यावरचे. तेल तेच आणि वात तीच. पण ती ठेवायला माणसाने किती हौस केली! दिव्यांवर केळकरांनी पुढे इंग्रजीत एक पुस्तकही लिहिले. गंजिफा, चित्रकथीची चित्रे, वाद्ये, स्त्रियांची शृंगाराची साधने, स्वयंपाकघरातील भांडी हे सगळे सांगत बसले तर अंकाची पाने पुरणार नाहीत.

एक हिशेब मात्र सांगितल्यावाचून राहवत नाही. 1960 पर्यंत त्यांच्याकडे सुमारे 15,000 वस्तू झाल्या होत्या. चाळीस वर्षांचे दिवस होतात 14,600. म्हणजे हा माणूस चाळीस वर्षे सरासरीने रोज एक वस्तू घरी आणीत होता! ती पुसायची, ठेवायची आणि जपायची तीही त्याच घरात. या कामी पत्नी कमलाबाईंची त्यांना साथ होती. संग्राहकाचे कौतुक सगळेच करतात; ज्या घरात संग्रह वाढतो त्या घरातल्या बाईचे कौतुक कमी होते. आमच्या घरात चार जुनी पिंपे ठेवायची म्हटली, तरी आई कपाळाला हात लावते. कमलाबाईंनी पंधरा हजार वस्तूंना जागा दिली. आणि ही जागा अशा घरातली होती, ज्यातले एकुलते मूल गेले होते. त्यांच्या मनात काय असेल, हे मी लिहू शकत नाही.

1962 साली संग्रहालय रीतसर स्थापन झाले आणि त्याला राजाचे नाव मिळाले. 1975 साली, वयाच्या एकोणऐंशीव्या वर्षी, केळकरांनी हा सगळा संग्रह महाराष्ट्र शासनाच्या पुरातत्त्व विभागाच्या स्वाधीन केला. एकेक वस्तू विकली असती, तर पुढच्या पिढ्या बसून खातील एवढी त्याची किंमत आली असती. पुणे विद्यापीठाने त्यांना सन्मान्य डी.लिट. पदवी दिली. पुणेकर मात्र त्यांना काकाच म्हणत राहिले. 17 एप्रिल 1990 रोजी, चौऱ्याण्णव वर्षांचे होऊन, काका गेले. आज संग्रहात वीस हजारांहून अधिक वस्तू आहेत आणि त्यांतल्या सुमारे अडीच हजारच एका वेळी मांडता येतात.

संग्रहालयात आम्हा शिरूरकरांना थांबवणारी आणखी एक जागा आहे, ती म्हणजे मस्तानीमहाल. कोथरूडला बाजीरावांनी मस्तानीसाठी बांधलेल्या महालाचे अवशेष आणून तो येथे पुन्हा उभा केला आहे. आमच्या वर्गात पाबळच्या तीन मुली आहेत. मस्तानीची कबर त्यांच्या गावात, आपल्याच तालुक्यात आहे. 1740 साली बाजीराव गेले आणि त्यामागोमाग तीही गेली. तिचा महाल पुण्याच्या गल्लीत आणि ती पाबळच्या माळावर. त्या तिघी तिथे नेहमीची बडबड विसरून गप्प उभ्या होत्या. कबर आम्ही लहानपणापासून पाहिलेली. पण ती बाई कुठे तरी राहत होती, तिच्या डोक्यावर कोरीव छत होते, हे प्रथमच डोळ्यांनी दिसले.

परतीच्या वाटेवर सरांनी नॉर्वे देशातली एक हकिगत सांगितली. नॉर्वे म्हटले की आपल्याला आमुंडसेन आठवतो. 14 डिसेंबर 1911 रोजी तो दक्षिण ध्रुवावर सर्वांत आधी पोचला. ज्या ‘फ्राम’ जहाजाने तो दक्षिणेला गेला, ते ऑस्लो शहरात संग्रहालय करून जपलेले आहे. त्याच देशात लिलहॅमर नावाच्या गावी आंडर्स सांडविग नावाचा एक दंतवैद्य होता. क्षयाची बाधा झाली म्हणून 1885 मध्ये तो त्या गावी राहायला आला. दात काढायला खोऱ्यातल्या खेड्यांतून फिरताना त्याला दिसले, की जुनी लाकडी घरे, पेट्या, भांडी सगळे नाहीसे होत आहे. तो ते जमवू लागला. वस्तूच नव्हेत, अख्खी घरे उचलून आणली! 1904 मध्ये त्याचे ‘माइहाउगेन’ हे खुले संग्रहालय लोकांसाठी उघडले. तिकडे दंतवैद्य आणि इकडे चष्मेवाला! दोघांनी एकमेकांचे नाव ऐकले असेल की नाही कोण जाणे. ध्रुवावर जायला जहाज लागते, कुत्री लागतात, राजाचा आश्रय लागतो. माळ्यावर चढायला शिडी पुरते. पण तिथे काही शोधण्यासारखे आहे, हे कळायला मात्र कोणी तरी लागतो.

एक शंका माझ्या मनात आली आणि ती सरांनाही विचारली. खेड्यापाड्यांतली, वाड्यांतली ही दौलत शहरातल्या एका इमारतीत जाऊन बसली, हे बरे झाले का? जिथली वस्तू तिथेच राहायला नको का? सरांनी उत्तर न देता, तुझ्या घरी काय राहिले आहे, असे उलट मलाच विचारले. मी गप्प बसले.

त्या गप्प बसण्याचे कारण इथे लिहिते. आमच्या घरात महाविद्यालयाची पायरी चढलेली मी पहिलीच. ज्या वर्षी मी बारावी झाले, त्या वर्षी कांद्याला भाव नव्हता. आजीचे एक तांब्याचे घंगाळ होते, कड्या असलेले, दोघांनी उचलावे लागे इतके जड. ते माझ्या रुखवतात मांडायचे, असे तिने मी लहान असल्यापासून ठरवले होते. प्रवेशाच्या वेळी आईने आणि आजीने ते उचलून मोडीत घातले. तराजूत वजन झाले, कड्यांसकट. माझी फी भरली गेली. त्या घंगाळावर ठिपक्याठिपक्यांनी आजीचे नाव कोरलेले होते. भट्टीत तेही गेले. मला त्याचे तेव्हा काहीच वाटले नव्हते, उलट अडगळ गेली असेच वाटले. संग्रहालयात तांब्यापितळेच्या भांड्यांपुढे उभे राहिल्यावर माझे डोळे भरून आले आणि मैत्रिणींना मी धूळ गेल्याचे सांगितले. फी भरली नसती, तर मी तिथे उभीही नसते. या दोन गोष्टींचा मेळ मला अजून घालता आलेला नाही.

मग मला ते टोपणनाव पुन्हा आठवले. त्या अडकित्त्यांवर, दिव्यांवर, वज्र्यांवर ज्याने ते घडवले त्याचे नाव कुठे असते? आपल्याकडे भांड्यावर नाव घालतात ते देणाऱ्याचे किंवा घेणाऱ्याचे. तांबटाचे, ओताऱ्याचे, सुताराचे कोणी घालत नाही. स्वतःला अज्ञातवासी म्हणवणाऱ्या कवीने सारे आयुष्य या खऱ्या अज्ञातवासींच्या मागे घालवले. त्या सगळ्या वस्तूंवर शेवटी एकच नाव लागले, ते ज्याला काही घडवण्याइतके आयुष्यच मिळाले नाही त्या मुलाचे.

सहलीहून आले त्या रात्री मी न्हाणीतली आजीची वज्री चिंचेने घासली. वर कोरीवकाम नाही असे मी समजत होते, पण मळ निघाल्यावर मुठीवर दोन पाकळ्या दिसल्या. तिसरी झिजून गेली असावी. मी वही काढली आणि आजीला विचारून लिहू लागले. घोडनदीच्या बाजारात घेतली, लग्नानंतर दुसऱ्या वर्षी, तिच्या सासूने. किंमत तिला आठवत नाही. विकणारा माणूस काळासावळा होता, पाथारी पसरून बसायचा आणि दर बाजारी हातात काही तरी घडवतच असायचा, हे तिला लख्ख आठवते. त्याचे नाव विचारले, तेव्हा ती बराच वेळ आठवत राहिली.